डॉक्टरांनी घेतलेली स्वतःचीच हिस्टरी : कातो शूइची यांच्या आत्मचरित्राची इंग्रजी आवृत्ती

जपानी वाङ्मयाचे इतिहासकार आणि समीक्षक कातो शूइची (१९१९–२००८) यांचे 'हित्सुजी नो उता', म्हणजे 'मेंढराचे गाणे', हे आत्मचरित्र आधी 'आसाही जर्नल' या साप्ताहिकातून क्रमशः प्रसिद्ध झाले. १९६८ मध्ये ते इवानामी प्रकाशनाच्या खिशात मावणाऱ्या पुस्तकमालेत दोन भागांत निघाले. जपानी न येणाऱ्या माझ्यासारख्या वाचकाला ते मिळाले ते १९९९ साली, युनिव्हर्सिटी ऑफ कॅलिफोर्निया प्रेसने काढलेल्या 'अ शीप्स साँग' या इंग्रजी आवृत्तीतून. चिया-निंग चँग यांनी केलेल्या या अनुवादात मुळातले दोन्ही भाग एकत्र आहेत आणि सोबत त्यांच्या टिपाही आहेत. मी ही प्रत जुनी म्हणून विकत घेतली. विकणाऱ्याने 'जवळपास नवी' असे लिहिले होते. प्रत्यक्षात आधीच्या मालकाने पेन्सिलने निम्मे पुस्तक अधोरेखित करून ठेवले होते. निम्मे म्हणजे अगदी निम्मेच, कारण पहिला भाग जिथे संपतो त्या १५ ऑगस्ट १९४५ च्या प्रकरणापर्यंत जवळजवळ प्रत्येक पानावर रेघा आहेत आणि त्यापुढे एकही नाही. त्या अनोळखी वाचकाशी माझे भांडण आहे ते खराब झालेल्या पानांसाठी नव्हे, तर त्याने पुस्तक जिथे मिटले त्या जागेसाठी. युद्ध संपल्यावर हे पुस्तक संपत नाही. माझ्या मते ते तिथे खऱ्या अर्थाने सुरू होते.

कातो यांचा जन्म टोकियोत झाला, आणि १९१९ हे पूर्वेकडच्या बारा प्राण्यांच्या वर्षचक्रात मेंढीचे वर्ष होते, म्हणून हे शीर्षक. आपला स्वभावही तसाच गरीब आहे, अशी मिश्कील पुस्तीही ते जोडतात. पुढची चारशे पाने वाचल्यावर या दुसऱ्या विधानावर कोणी विश्वास ठेवेल असे वाटत नाही. वडील डॉक्टर होते. आईचे वडील सागा प्रांतातल्या धनिक घराण्यातले, घोडदळातले अधिकारी आणि इटलीत राहून आलेले, त्यामुळे आजोळच्या घरात पाश्चात्त्य वस्तू, पाश्चात्त्य सवयी आणि हळूहळू आटत चाललेली श्रीमंती असे सगळे एकत्र नांदत होते. कातो स्वतः टोकियो इम्पीरियल विद्यापीठातून डॉक्टर झाले आणि रक्तविकारांच्या अभ्यासाकडे वळले. ही माहिती कोणत्याही कोशात सापडेल. पुस्तकाचे वैशिष्ट्य असे की ती सांगणारा माणूस स्वतःकडेही डॉक्टराच्याच नजरेने पाहतो. रोग्याला तपासण्याआधी डॉक्टर 'हिस्टरी' घेतात, घरात कोणाला काय होते, कुठे राहिलात, काय खाल्लेत, कधीपासून दुखते असे विचारत जातात. कातो यांनी तशीच स्वतःची हिस्टरी घेतली आहे, आणि ती घेताना चेहऱ्यावरची रेषही हलू दिलेली नाही. पुढे हाच माणूस एका अख्ख्या वाङ्मयाचा इतिहास लिहिणार होता, हे ठाऊक असलेल्या वाचकाला त्या शब्दाचे दोन्ही अर्थ एकाच वेळी जाणवत राहतात.

मूळ पुस्तकाच्या अखेरच्या निवेदनात कातो म्हणतात की, आजच्या सरासरी जपानी माणसाच्या आसपासचा एक माणूस कोणत्या परिस्थितीत घडला, त्याचे उदाहरण म्हणून आपण स्वतःला घेतले आहे. इथे मला थांबावेसे वाटते. इटलीत राहिलेला आजोबा, टोकियोतली नावाजलेली शाळा, देशातले सर्वांत मानाचे समजले जाणारे पहिले उच्च विद्यालय, इम्पीरियल विद्यापीठ आणि नंतर पॅरिस, ही सरासरी म्हणायची तर सरासरी या शब्दाला काही अर्थच उरणार नाही. मात्र हा विनयाचा आव आहे असेही मला वाटत नाही. प्रयोगशाळेत नमुना घेतात तसा त्यांनी स्वतःचा नमुना घेतला, एवढाच त्याचा अर्थ लावला तर तो पटतो. नमुना कोठून घेतला हे मात्र वाचकाने विसरू नये.

पहिल्या भागातली काही प्रकरणे पेन्सिलवाल्याने उगाच अधोरेखित केलेली नाहीत. २६ फेब्रुवारी १९३६ रोजी तरुण लष्करी अधिकाऱ्यांनी टोकियोत बंड केले, अर्थमंत्री ताकाहाशी कोरेकियो यांच्यासह बडी माणसे मारली गेली, आणि बंड मोडल्यानंतर लष्कराचा वचक कमी होण्याऐवजी वाढला. युद्धमंत्री सेवेत असलेला सेनाधिकारीच असला पाहिजे हा नियम त्याच वर्षी पुन्हा लागू झाला. याचा अर्थ असा की लष्कराने आपला माणूस द्यायचे नाकारले तर मंत्रिमंडळ उभेच राहू शकत नव्हते. कातो त्या वसंतात कोमाबाच्या उच्च विद्यालयात दाखल झाले, आणि तिथे यानाइहारा तादाओ यांच्या तासाला ही यंत्रणा विद्यार्थ्यांना उलगडून दाखवली गेली. संसदेने तरीही माघार घेतली नाही तर काय होईल, असे एका विद्यार्थ्याने विचारले, तेव्हा लष्कर संसदेला मशीनगनचा वेढा घालील, असे उत्तर आले. आवाज न चढवता सांगितलेल्या त्या एका उत्तरातून सतरा वर्षांच्या मुलांना आपला देश कुठे चालला आहे ते कळले. कातो हा प्रसंग तितक्याच आवाजात सांगतात. पुढच्याच वर्षी यानाइहारा यांना त्यांच्या लेखनामुळे टोकियो इम्पीरियल विद्यापीठातले प्राध्यापकपद सोडावे लागले, हे लक्षात ठेवून तो तास पुन्हा वाचावा.

त्याच विद्यालयात प्रसिद्ध कादंबरीकार योकोमित्सु रिइची यांना बोलावून विद्यार्थ्यांनी त्यांना प्रश्नांनी घेरले, त्या प्रसंगाच्या प्रकरणाला कातो यांनी 'व्यंगचित्र' अशा अर्थाचे नाव दिले आहे. व्यंगचित्र कोणाचे, हे ते सांगत नाहीत. पाश्चात्त्य संस्कृतीवर मात करण्याच्या गोष्टी बोलणाऱ्या लेखकाचे, की त्याला खिंडीत गाठल्याच्या आनंदात असलेल्या हुशार पोरांचे? प्रकरण मी दोनदा वाचले आणि दोन्ही वेळा माझे उत्तर वेगळे आले. चांगल्या गद्याची ही एक खूण मी मानतो.

८ डिसेंबर १९४१ चे प्रकरण मात्र सगळ्यांत वरचे. पर्ल हार्बरवरच्या हल्ल्याची बातमी विद्यापीठाच्या आवारात कळते, आणि त्या संध्याकाळी हा वैद्यकाचा विद्यार्थी शिनबाशी एनबुजो नाट्यगृहात बुनराकु, म्हणजे कळसूत्री बाहुल्यांचा खेळ, पाहायला जातो. प्रेक्षागृह जवळजवळ रिकामे असते. रंगमंचावर गिदायू, म्हणजे या खेळातले कथागायन, गाणारा गायक शतकांपूर्वीच्या प्रेमाच्या आणि कर्तव्याच्या दुःखात पूर्ण बुडालेला असतो, जणू बाहेर काही घडलेलेच नाही. आणि बाहेर एक देश आपल्या नाशाकडे निघालेला असतो. कातो यांना त्या रिकाम्या सभागृहात दिसले ते असे की, युद्धाच्या गर्जनेसमोर एका जगाने आपली जागा न सोडता उभे राहणे म्हणजे काय. या प्रकरणाचे नाव 'एका निरभ्र दिवशी' अशा अर्थाचे आहे, आणि पुच्चिनीच्या ऑपेरातले, अमेरिकन आरमारी अधिकाऱ्याच्या जहाजाची वाट पाहणाऱ्या जपानी स्त्रीचे सुप्रसिद्ध गाणे जपानीत याच नावाने ओळखले जाते. ज्या दिवशी जपानने अमेरिकन जहाजे बुडवली त्या दिवसाला हे नाव देण्यातला विखार अनुवादातही पोचतो, पण गाणे आठवले तरच.

मार्च १९४५ मध्ये टोकियोवर अग्निबाँब पडले आणि एका रात्रीत सुमारे एक लाख माणसे मेली. कातो तेव्हा विद्यापीठाच्या रुग्णालयात होते. भाजलेल्या माणसांची रीघ लागलेली असताना ते काही दिवस निव्वळ डॉक्टर होतात. पाहणारा, तोलणारा, बाजूला उभा असलेला माणूस तेवढ्यापुरता गायब होतो. गर्दी ओसरते तसा तो परत येतो. पुढे रुग्णालयाच्या एका तुकडीबरोबर ते नागानो प्रांतातल्या उएदा या गावी होते आणि सम्राटाचे शरणागतीचे भाषण त्यांनी तिथेच ऐकले. पेन्सिलची शेवटची रेघ इथे आहे.

आता त्या पुढच्या, कोऱ्या पानांबद्दल. युद्धोत्तर भाग सुरू झाल्यावर थोड्याच वेळात हिरोशिमा येते. त्या शरद ऋतूत कातो जपानी आणि अमेरिकन डॉक्टरांच्या संयुक्त तपासणी पथकातून तिथे गेले आणि वाचलेल्यांचे रक्त तपासू लागले. रक्तविकारांच्या अभ्यासकासाठी याहून नेमके काम नाही आणि माणसासाठी याहून अवघड नाही. समोरची माणसे ज्या अनुभवातून गेली ती बोलत नाहीत, आणि विचारणाऱ्याला विचारण्याचा अधिकार आहे का हे त्याला ठरवता येत नाही. मग तो पेशी मोजतो. कातो यांनी इथे अश्रू काढलेले नाहीत याबद्दल काही वाचक त्यांना थंड म्हणतील. मला तो थंडपणा वाटत नाही. हिस्टरी घेता घेता रोगी गप्प झाला, आणि डॉक्टरनेही त्याच्या वतीने बोलायचे नाकारले, असे मी ते वाचतो.

याच काळात समीक्षक कातो घडत होते. नाकामुरा शिनइचिरो आणि फुकुनागा ताकेहिको या मित्रांबरोबर युद्धकाळातच त्यांनी 'मातिने पोएतिक' नावाचे कवींचे मंडळ चालवले होते. त्यांचा खटाटोप असा की जपानी कवितेत सुनीतासारख्या बांधेसूद रचना आणि अंत्ययमक आणायचे. मराठी वाचकाला यमक हा जन्मजात हक्क वाटतो, म्हणून यातली अडचण सांगायला हवी : जपानी शब्द बहुतेक स्वरांवरच संपतात आणि स्वर पाचच, त्यामुळे यमक जुळते सगळीकडे आणि कानाला जाणवत कुठेच नाही. प्रयोगाची पुढे यथेच्छ टिंगल झाली. तरीही लहानपणच्या शिबुयातल्या चेरीच्या गल्लीवर कातो यांनी लिहिलेली 'साकुरा योकोचो' ही कविता टिकली. नाकादा योशिनाओ आणि बेक्कू सादाओ या दोन संगीतकारांनी तिला वेगवेगळ्या चाली लावल्या आणि जपानी गायक ती मैफलींत गातात. हेच तिघे मित्र १९४७ मध्ये समीक्षालेखांचा एक संयुक्त संग्रह घेऊन आले. त्यात कातो यांनी, युद्ध चालू असताना डोंगरातल्या थंड हवेत कवितांचे सूक्ष्म रसग्रहण करणाऱ्या आणि भोवतालच्या हिंसेविषयी काहीच न समजणाऱ्या तरुणांवर आसूड ओढला. हे सगळे लिहिणारा माणूस स्वतः ओइवाके या डोंगराळ गावाच्या थंड हवेत उन्हाळे काढत होता, हे आत्मचरित्रातच आहे. हा आसूड स्वतःच्याही पाठीवर पडतो याची त्यांना पूर्ण जाणीव असावी. तसे त्यांनी उघड म्हटले असते तर मला आवडले असते.

१९५१ मध्ये ते वैद्यकीय संशोधनासाठी फ्रान्सला गेले आणि १९५५ मध्ये परतले. वातानाबे काझुओ यांच्यासारख्या फ्रेंच वाङ्मयाच्या अभ्यासकांच्या सहवासात, वैद्यकाचे विद्यार्थी असतानाच, त्यांनी फ्रेंच साहित्य इतके वाचले होते की पॅरिस त्यांना नवीन वाटायला नको होते. पण पुस्तकांनी न सांगितलेली गोष्ट त्यांना तिथे दगडांत दिसली. मध्ययुग तिथे संग्रहालयात नव्हते, रस्त्यात होते, आणि त्या मध्ययुगापासून आजपर्यंतचा धागा तुटलेला नव्हता. परतल्यावर १९५५ मध्ये त्यांनी जो सिद्धांत मांडला त्याचे बीज या प्रकरणांत आहे. इंग्लंड-फ्रान्सची संस्कृती शुद्ध जातीची, तर जपानची संकर जातीची. पश्चिमेचा अंश जपानी जीवनात इतका मुळापर्यंत गेला आहे की तो उपटून शुद्ध जपानी होण्याचा कार्यक्रम जितका फोल, तितकाच पुरते पाश्चात्त्य होण्याचाही. मूळ शब्द 'झाश्शु'. मिश्र रक्ताच्या कुत्र्यालाही जपानीत हाच शब्द वापरतात. इंग्रजीत त्यासाठी येणारा 'हायब्रिड' हा शब्द आज एखाद्या मोटारीचे कौतुक केल्यासारखा ऐकू येतो; मराठीत 'मिश्र संस्कृती' म्हटले तर सगळेच गुळमुळीत होईल. 'संकर' या शब्दातली हेटाळणी राहू द्यावी, कारण ज्याला शिवी समजतात तेच आपले भांडवल आहे, असे कातो यांना म्हणायचे होते.

१९५८ मध्ये ताश्कंदला आशियाई-आफ्रिकी लेखकांची परिषद भरली. कातो तिला गेले आणि त्याच सुमारास त्यांनी वैद्यकी सोडली. एका छोट्या विषयाचे अधिकाधिक ज्ञान मिळवण्यापेक्षा, कशातच तज्ज्ञ न होण्यात तज्ज्ञ व्हावे, असा त्यांचा कौल होता. दुसऱ्या वर्षी त्यांचे प्रवासवर्णन निघाले, आणि त्यात उझबेकिस्तान व क्रोएशिया यांच्या पंक्तीला केरळ आहे. निवडणुकीने सत्तेवर आलेले नंबुद्रीपाद यांचे कम्युनिस्ट सरकार त्यांना समाजवादाच्या तीन चेहऱ्यांपैकी एक वाटले होते. मराठी प्रकाशकांनी कातो यांचे काही काढायचे ठरवलेच, तर माझी पहिली शिफारस या प्रवासवर्णनासाठी असेल.

आत्मचरित्राचे शेवटचे प्रकरण १९६० च्या अमेरिका-जपान सुरक्षा कराराविरुद्धच्या आंदोलनाचे आहे. मे महिन्यात विरोधकांना पोलिसांकरवी बाहेर काढून कनिष्ठ सभागृहाने करार संमत केला; वरिष्ठ सभागृहाने मत दिलेच नाही, आणि तीस दिवस उलटताच बाहेर प्रचंड गर्दी उभी असताना करार आपोआप मान्य ठरला. प्रकरणाचे नाव 'चर्चा अपूर्ण' अशा अर्थाच्या संसदीय शब्दावर आहे. अधिवेशनाची मुदत संपल्याने निकालाविना राहिलेल्या विधेयकाला जपानीत तो शब्द लावतात. चाळिशीतल्या माणसाने स्वतःच्या आयुष्यालाही तोच शेरा मारून पुस्तक थांबवले, हे मला फार आवडले.

आता तक्रारी. पहिली म्हणजे स्त्रिया. कातो यांच्या आयुष्यातल्या प्रेमाच्या गोष्टी पुस्तकात आहेत, पण त्या सावल्यांसारख्या येतात आणि जातात. नाव न घेण्याचा संयम मला समजतो. पण मशीनगनचा वेढा इतक्या स्पष्टपणे दाखवणारा लेखक दोन माणसांतला दुरावा सांगताना अमूर्त शब्दांच्या मागे लपतो, तेव्हा डॉक्टरने केस पेपरचे एक पान काढून घेतल्यासारखे वाटते. दुसरी तक्रार अशी की इंग्रजी वाचकासाठी आयुष्य १९६० ला थांबते, आणि ज्या कामासाठी कातो ओळखले जातात ते बरेचसे त्यानंतरचे. व्हँकुव्हरच्या ब्रिटिश कोलंबिया विद्यापीठात आणि नंतर बर्लिनच्या फ्री युनिव्हर्सिटीत त्यांनी शिकवले. सोव्हिएत रणगाडे प्रागमध्ये शिरले तेव्हा त्यांनी लिहिलेला निबंध जपानमध्ये आजही वाचला जातो : शब्दांना एकही रणगाडा मोडता येत नाही, पण रस्त्यात उभ्या असलेल्या रणगाड्यालाही आपण तिथे का आहोत हे सांगता येत नाही, असा त्याचा आशय. हेइबोन्शाच्या विश्वकोशाचे ते मुख्य संपादक झाले, १९८४ पासून अखेरपर्यंत त्यांनी 'आसाही' दैनिकात सदर लिहिले, आणि २००४ मध्ये ओए केनझाबुरो, इनोउए हिसाशी या लेखकांसह नऊ जणांनी युद्धत्यागाच्या घटनाकलमाच्या रक्षणासाठी 'नववे कलम संघ' स्थापला त्यातले ते एक होते. यासाठी दुसरे पुस्तक हवे, आणि ते इंग्रजीत माझ्या हाती लागलेले नाही.

निदान वाङ्मयेतिहास तरी जोडीला घ्यावा. 'निहोन बुंगाकुशी जोसेत्सु' १९७५ आणि १९८० मध्ये दोन भागांत निघाला. इंग्रजीत कोदान्शाने तो तीन खंडांत काढला आणि १९९७ मध्ये एक संक्षिप्त आवृत्तीही आली. साहित्य म्हणजे कथा-कविता-नाटक ही चौकट कातो मोडून टाकतात. झेन गुरू दोगेन, कन्फ्यूशियन पंडित ओग्यू सोराइ यांच्यासारखे चिंतकही त्यांना साहित्यिकच. बाहेरून आलेला बौद्धधर्म, कन्फ्यूशियसचा विचार, ख्रिस्ती धर्म आणि मार्क्सवाद यांना जपानी मातीतली जुनी जीवनदृष्टी कशी आपल्यासारखे वाकवून घेते, हा त्यांचा मुख्य धागा, आणि जपानमध्ये नवे आले म्हणून जुने जात नाही, ते शेजारी राहते, हे त्यांचे निरीक्षण. एडो काळातल्या (सतरावे ते एकोणिसावे शतक) सरदारांचे वाडे आधी आराखडा काढून बांधलेले नसत, गरजेप्रमाणे खोलीला खोली जोडत गेलेले असत, हा त्यांचा दाखला मला आजोळच्या घराच्या वर्णनाशेजारी ठेवून वाचावासा वाटतो. धागा कधी फार ताणला जातो; प्रत्येक शतकात तीच जीवनदृष्टी सापडू लागली की निदान आधी ठरले आणि तपासणी नंतर झाली, अशी शंका येते. तीन खंड ग्रंथालयात असतील तर तेच घ्यावेत, कारण या इतिहासाची मौज तपशिलात आहे आणि संक्षेपात नेमका तोच गळतो.

'अ शीप्स साँग'च्या अनुवादाबद्दल मूळ न वाचता मी अर्धेच बोलू शकतो. इंग्रजी स्वच्छ आहे, भावनेला कुठेही जास्तीचे पाणी घातलेले नाही, आणि तीसच्या दशकातली माणसे व घटना उलगडून सांगणाऱ्या टिपांशिवाय पहिला भाग मला निम्माच समजला असता. पहिल्या वाचनात टिपा बाजूला ठेवाव्यात, दुसऱ्यात प्रत्येक पाहावी. जपानचा आधुनिक इतिहास अजिबात ठाऊक नसलेल्याने मात्र इथून सुरुवात करू नये. कातो वाचकाला बोट धरून नेत नाहीत.

एक गोष्ट या पुस्तकात असूच शकत नाही. जन्मभर कोणत्याही धर्माच्या बाहेर उभे राहून धर्मांविषयी लिहिणाऱ्या कातो यांनी २००८ मध्ये, मृत्यूच्या काही महिने आधी, कॅथलिक पंथाचा बाप्तिस्मा घेतला. हे कळल्यावर मी पहिल्या भागातली आईची पाने पुन्हा काढली. ती कॅथलिक मुलींच्या शाळेत शिकलेली होती. आधीच्या मालकाने त्या पानांवरही रेघा मारल्या आहेत, पण आईच्या ओळी सोडून, आजोबांच्या इटलीखाली.